वरती कोणी नाही

ट्रॉय, मिशिगन
८ जून २०२५

रत्नाताई,

आधी बातमी, खुशाली मागाहून. यंदाच्या गणपतीत आमच्या मंडळात माझं नाटक आहे! लिहिलंय मी आणि बसवणारही मीच. राजीव म्हणतो, आता तिकिटंही तूच फाड आणि टाळ्याही तूच वाजव. हसू दे त्याला.

हे खूळ कुठून आलं ते सांगते. आम्ही जर्मनीत होतो ती वर्षं तुला आठवतात ना? राजीव सकाळी कारखान्यात जायचा आणि घरात मी आणि टीव्ही. माझं सगळं जर्मन मी एका विनोदी मालिकेतून शिकले. नाव मराठीत सांगायचं तर ‘स्वच्छ काचा’. त्यात हॉफर नावाचं एक कुटुंब. हॉफरबाई शनिवारी खिडक्या पुसायच्या, दारापुढचा रस्ता झाडायच्या, आणि मग जाळीच्या पडद्याआड उभ्या राहून समोरच्यांच्या खिडक्या मळल्यात का ते बघायच्या. नवरा दारूच्या रिकाम्या बाटल्या शेजाऱ्यांच्या कचऱ्यात नेऊन टाकायचा. सगळे इतके सभ्य की हसून हसून पोट दुखावं! मला भाषा कळायच्या आधी ती माणसं कळली, कारण आपल्या माहेरी, धंतोलीत, ती सगळीच्या सगळी राहत होती.

त्यातला एक भाग या हिवाळ्यात पुन्हा बघायला मिळाला. रविवारी चार प्रतिष्ठित पाहुणे कॉफीला येणार, आणि नेमकी आदल्या दिवशी मुलगी नवऱ्याला सोडून घरी आलेली. बाई तिला वरच्या खोलीत बसवते. “हलू नकोस!” खाली कॉफी चालू होते आणि वर पावलं वाजतात. बाई म्हणते, वरती कोणी नाही. पुन्हा वाजतात. मग म्हणते, हीटर दुरुस्त करणारा आलाय. रविवारी? तिथून जी तारांबळ उडते!

मी ते घर उचलून ट्रॉयमध्ये आणलंय. हॉफरबाई झाली आपली मराठी आई. गाडीच्या मागच्या काचेवर मुलीच्या कॉलेजचा स्टिकर, लॉन कंगव्याने विंचरल्यासारखं. हीटरवाल्याचा झाला एसीवाला. मग एक पाहुणी म्हणते, “अय्या, आमचाही एसी बिघडलाय, बोलवा ना त्याला खाली!” नाटकाचं नाव ‘वरती कोणी नाही’.

बाड सोबत पाठवतेय. तू जन्मभर पोरांचं मराठी सुधारलंस, आता माझं सुधार. फोनवर सांगू नकोस. फोनवर तू नुसतं ‘छान, छान’ म्हणतेस. खरी रत्नाताई कागदावरच भेटते, हे मला पक्कं माहीत आहे.

तुझा देवांग आणि सूनबाई केया कसे आहेत? त्यांच्या शिकागोच्या लग्नानंतर मी त्या दोघांना पाहिलेलंच नाही.

लाल पेनाची वाट बघणारी,
सुलू


ईडन प्रेरी, मिनेसोटा
२० जून २०२५

सुलू,

तुझं बाड दोनदा वाचलं. विनोद साधलाय. राजेश सहसा क्रिकेटशिवाय कशाला हसत नाहीत, ते एसीवाल्याला हसले.

आता चुका. ‘मी तुझ्यावर विश्वास करते’ असं मराठीत नसतं, विश्वास ठेवतात. ‘माझी मदत कर’ नव्हे, ‘मला मदत कर’. आणि आईच्या तोंडी तू घातलंयस, ‘मुलगी परत आली’. सुलू, दुकानातली वस्तू परत येते. मुलगी माहेरी येते. आई कितीही ढोंगी असली तरी ती ‘परत आली’ म्हणणार नाही.

एक मोठी सूचना आहे. वरच्या मजल्यावर मुलगी नको. पाहिजे तर एखादी वेडसर आत्या ठेव, किंवा न विचारता पाळलेला कुत्रा. लोक तेवढंच हसतील आणि कुणाला लागणार नाही. पोटच्या मुलीला आई अशी खोलीत बसवते हे बघायला लोक गणपतीत येत नाहीत. जर्मन लोकांचं मला माहीत नाही. आपल्यात आई असं मजेने करत नाही, तिचा नाइलाज असतो, आणि तो नाइलाज तुझ्या नाटकात कुठेच नाही.

इकडे सगळं उत्तम. आमच्या मंडळाने नवविवाहित जोडप्यांसाठी एक कार्यक्रम ठेवला होता, त्यात ‘संसार टिकवताना’ या विषयावर मला बोलायला बोलावलं. हॉल भरला होता. आश्लेषा म्हणून जी मुलगी हे सगळं बघते ती म्हणाली, काकू, दर वर्षी तुम्हीच.

देवांग आणि केया मजेत. मेमोरियल डेच्या सुट्टीत दोघं येऊन गेली. केयाने शिकागोच्या डेव्हन रस्त्यावरून माझ्यासाठी मोतिया रंगाची साडी आणली. तिचं काम फार वाढलंय, त्यामुळे फोन कमी होतात, इतकंच.

आत्याचा विचार कर.

रत्नाताई


ट्रॉय
६ जुलै २०२५

ताई,

व्याकरण सगळं मान्य. ‘माहेरी आली’ तर इतकं सुंदर आहे की मी ते तीनदा म्हणून पाहिलं. पण आत्या अमान्य! कुत्रा तर मुळीच नाही. अगं, मुलगी आहे म्हणून तर ते झोंबतं. आत्याला लपवण्यात कसली आलीय गंमत? तुझं मन फार मऊ आहे, खरं सांगायचं तर थोडं जुनंही आहे. रागावू नकोस.

इकडची गंमत ऐक. आमच्या सांस्कृतिक समितीचे अध्यक्ष मनोहरराव. त्यांनी बाड वाचलं आणि मला देवळाच्या पार्किंगमध्ये गाठलं.

“सुलेखाताई, नाटक झकास आहे. पण आपल्या लोकांत असं होतं का?”

“कसं?”

“हेच. मुलीला लपवणं वगैरे. आपली फॅमिली व्हॅल्यूज वेगळी आहेत ना.”

“मग जाहिरातीत ‘जर्मन कथेवरून’ असं ठळक लिहू?”

त्यांचा चेहरा असा उजळला म्हणतेस! “हां! जर्मन चालेल. एकदम चालेल.”

तर आता आमच्या नाटकातली आई पैठणी नेसणार, मोदक करणार आणि जर्मन असणार.

आईचं काम नीना करतेय. बँकेत मॅनेजर आहे, आवाज खणखणीत. पाहुणे मिळाले, एसीवालासुद्धा मिळाला. शेवटी तो खरोखरच येतो, हे मी वाढवलंय. फक्त मुलगी मिळत नाहीये. इथे वाढलेल्या पोरींना मराठी समजतं, बोलता येत नाही, आणि ज्यांना बोलता येतं त्यांच्या आया ‘नवऱ्याला सोडून आलेली’ हे काम करू देत नाहीत. नाटकातसुद्धा! मंडळाच्या व्हॉट्सॲपवर पत्ता टाकलाय, बघू कोण येतं.

तुझी अजिबात मऊ नसलेली,
सुलू


१७ जुलै २०२५

डिअर सुलेखा मावशी,

मी फोनवर मराठी टाइप करते आहे. मिस्टेक्स असतील, सॉरी.

काल तुम्ही दार उघडलं तेव्हा मी पळून जाणार होते. ट्रू स्टोरी. व्हॉट्सॲपवर फक्त पत्ता होता, नाव नव्हतं. मी मार्चमध्ये शिकागोहून इकडे आले, कार सीट्स डिझाइन करायचा जॉब आहे. इथे कोणी ओळखत नाही. वाटलं, नाटक केलं तर लोक भेटतील.

तुम्ही “केया! देवांग कुठे?” म्हणालात आणि मी “वी आर डिव्होर्स्ड” म्हणाले, तेव्हा तुमचा चेहरा बघून मला कळलं की तुम्हाला माहीतच नाही. दोन वर्षं झाली, मावशी. कोणी वाईट नव्हतं. आम्ही दोघं चांगले होतो, फक्त एका घरात नाही. भांडणं पण बोअरिंग होती.

तेव्हा आई, म्हणजे देवांगच्या आई, एवढंच म्हणाल्या होत्या, “लगेच कोणाला सांगू नका.” मला वाटलं लगेच म्हणजे एक-दोन मंथ.

त्या मला आवडतात. मला मराठी वाचायला त्यांनीच शिकवलं. म्हणून तुमचं स्क्रिप्ट मी वाचू शकले. प्लीज त्यांना माझ्यामुळे त्रास नको. तुम्ही म्हणाल तर मी नाटक करणार नाही. पण मला करायचं आहे.

केया


ट्रॉय
२४ जुलै २०२५

ताई,

मुलगी मिळाली. अगदी हवी तशी. उच्चार थोडे अमेरिकन, पण डोळ्यांत पाणी आणि ओठांवर हसू एकाच वेळी आणते. तालमी आमच्या बेसमेंटमध्ये दर रविवारी चालू आहेत. पावलांचा आवाज राजीव काढतो, वरच्या मजल्यावर बूट घालून.

तू बरेच दिवस गप्प आहेस. पुन्हा आली होती का मुलं? आणि हो, तू मागे केयाच्या पुरणपोळीचं कौतुक करत होतीस. ती पुरणात जायफळ घालते की वेलची? मला करून बघायचीय. सविस्तर लिही.

सुलू


ईडन प्रेरी
२ ऑगस्ट २०२५

सुलू,

मुलगी मिळाली हे वाचून बरं वाटलं, जरी मला आत्याच पसंत होती.

मुलं गेल्या रविवारीच येऊन गेली. केयाने पुरणपोळ्या केल्या. ती जायफळ घालते, अगदी चिमूटभर. वेलचीने पुरणाचा रंग जातो असं तिचं म्हणणं. कणीक मऊसूत भिजवते, तेल सढळ. पहिली पोळी फाटली तेव्हा देवांगने चिडवलं, तर तिने ती त्याच्याच ताटात वाढली. मी म्हटलं, अगं, नवऱ्याला फाटकी देतेस? तर म्हणते कशी, “आई, नवऱ्यालाच देता येते, पाहुण्यांना नाही.” चौघं पोट धरून हसलो. दुपारी दोघं तळ्याकाठी फिरून आली. जाताना तिने वाकून नमस्कार केला. मी नको नको म्हणत होते.

अशी सून मिळायला भाग्य लागतं. इथे सगळे तसंच म्हणतात.

तुझ्या नाटकाला यश येवो.

रत्नाताई


ट्रॉय
११ ऑगस्ट २०२५

ताई,

तू लिहिलंस त्या रविवारी आणि त्याच्या आदल्या रविवारीही केया माझ्या बेसमेंटमध्ये होती. माझी ‘मुलगी’ म्हणजे तीच. मला सगळं माहीत आहे, जुलैच्या मध्यापासून.

पुरणपोळीचं मी मुद्दाम विचारलं. मला वाटलं, तू अडखळशील, मग मी हळूच म्हणेन, ‘ताई, पुरे आता,’ आणि आपण दोघी हसू. माझ्या डोक्यात ते एखाद्या प्रवेशासारखं बसलं होतं. तुझं पत्र आलं. फाटक्या पोळीपर्यंत वाचलं आणि पुढे वाचवेना. राजीवला दाखवलं, तो म्हणाला, “तू हे काय केलंस?”

मला हसू आलं नाही, ताई. तू ती दुपार इतकी नीट लिहिलीस की मला ती खरी असावीशी वाटली.

केयाने मला विनंती केली होती की तिच्यामुळे तुला त्रास नको. हे सांगतेय ते माझ्या जबाबदारीवर. तिला बोल लावू नकोस.

इकडे आणखी एक घोळ. नीनाने काम सोडलं. म्हणाली, “ताई, माझी मुलगी सध्या घरीच राहतेय ना, लोकांना वाटेल आमच्याच घरचं आहे.” मी म्हटलं, तुझी मुलगी नोकरी शोधतेय. तर म्हणाली, “तेच तर आम्ही कोणाला सांगितलेलं नाही.” प्रयोग ६ सप्टेंबरला आहे आणि माझ्याकडे आई नाही. मनोहरराव म्हणतात, रद्द करा, त्याऐवजी अंताक्षरी ठेवू.

तू काय वाटेल ते लिही. पण लिही.

सुलू


ईडन प्रेरी
१९ ऑगस्ट २०२५

सुलेखा,

तुझं पत्र वाचून मी ते फाडलं, मग पुन्हा जोडून वाचलं. तुझ्यापेक्षा मोठी आहे, म्हणून सरळ बोलते.

मी खोटं बोलले, ते माझं मी बघेन. पण तू जवळजवळ महिनाभर पडद्याआड उभी राहून माझी खिडकी बघत होतीस. तुझ्या त्या हॉफरबाईत आणि तुझ्यात फरक काय? ती निदान जर्मन होती.

आता खरं ऐक. तू कागदावरची रत्नाताई खरी म्हणतेस ना? मग ऐक.

दोघं वेगळी झाली तेव्हा देवांग काही आठवडे आमच्याकडे येऊन राहिला. वरच्या खोलीतूनच ऑफिसचं काम करायचा. माझं हळदीकुंकू ठरलेलं होतं. मी त्याला म्हटलं, “बायका जाईपर्यंत खाली येऊ नकोस. एकटा कसा आलास, केया कुठेय, काय काय विचारतील.” खाली चाळीसेक बायका. वाण देता देता माझ्या लक्षात आलं की वरून काहीच आवाज येत नाही. त्याने बूट काढून ठेवले होते. आवाज होऊ नये म्हणून माझा सहा फुटी मुलगा त्याच्याच घरात मोज्यांवर चालत होता. आणि मी एका बाईला सांगत होते, सून फार गुणी आहे हो.

दुसऱ्या दिवशी तो शिकागोला गेला. नंतरच्या दोन्ही दिवाळ्यांना आला नाही. रागावलाय असंही नाही. फोन करतो, औषधं घेतेस का विचारतो. “दिवाळीला ये” म्हटलं की म्हणतो, “आई, मला तिकडे ॲक्टिंग करावी लागते. आय ॲम नॉट गुड ॲट इट.”

म्हणून मला तुझ्या वरच्या मजल्यावर मुलगी नको होती. मन मऊ आहे म्हणून नव्हे. पुरणपोळीची ती दुपार मी तुला फसवायला लिहिली नाही. लिहिताना मला ती मिळत होती, म्हणून लिहीत गेले.

आता कामाचं. अंताक्षरी नको. तुझ्या नाटकातला शब्द न् शब्द मी दुरुस्त केलाय. आईचं काम मला पाठ आहे. तुझ्या आईत नाइलाज नाही असं मी लिहिलं होतं. तो लिहून दाखवता येत नसेल तर मी करून दाखवते. राजेशनी तिकीट काढलंय. मी ट्रॉयला जायचं म्हटल्यावर ते एवढंच म्हणाले, “मला वाटलं तू कधी म्हणणारच नाहीस.” म्हणजे काय, ते त्यांनाच ठाऊक.

केयाला मीच कळवलंय. तिने उत्तरात फोनवर एक बाहुली पाठवली, टाळ्या वाजवणारी. माझी साडी कोणती ते ठरवू नकोस, मी ठरवीन.

रत्ना


ट्रॉय
१७ सप्टेंबर २०२५

ताई,

तू गेल्यापासून घर सुनं झालंय आणि माझा फोन गरम! तुला रंगमंचावरून जे दिसलं नसेल ते सांगते.

पहिली पावलं वाजली आणि तू ‘वरती कोणी नाही’ म्हणालीस, तेव्हा सगळे खदखदून हसले. दुसऱ्यांदा त्याहून जास्त. तिसऱ्यांदा तू चहाची किटली हातात घेऊन नुसती छताकडे बघत राहिलीस. मी विंगेत घामाने भिजले. म्हटलं, संवाद विसरली! मग तू म्हणालीस, अगदी हळू, “वरती... कोणी नाही.” आणि कुणीच हसलं नाही. तिसऱ्या रांगेत नीना बसली होती. तिने शेजारी बसलेल्या मुलीचा हात धरला, मी डोळ्यांनी पाहिलं. नंतर तो एसीवाला आला आणि लोक असे हसले की छप्पर उडावं. पण ते हसू वेगळं होतं, ताई. सुटल्यासारखं. मी जर्मनीत इतकी वर्षं त्या मालिकेला हसले, पण ती बाई मला त्या दिवशी कळली.

तू तेव्हा माझ्यावर चिडून लिहिलंस ते सगळं बरोबर होतं. तुझं मन जुनं आहे, हे माझं म्हणणं मी मागे घेते. जुनं काहीही नाही तुझं.

मनोहरराव शेवटी डोळे पुसत आले. माझे दोन्ही हात हातात घेतले आणि म्हणाले, “सुलेखाताई, जर्मन लोक फारच ढोंगी हं!” मी हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

आता जेवणाच्या रांगेतलं सांग. मी आत सेट आवरत होते. तू तिथे जे काही बोललीस ते मला तिघींनी सांगितलं, तिन्ही वेळा वेगळं. एकीच्या मते तू ओरडलीस, दुसरीच्या मते रडलीस, तिसरी म्हणते तू भाषण केलंस. खरं काय?

सुलू


ईडन प्रेरी
२७ ऑक्टोबर २०२५

सुलू,

उत्तराला उशीर झाला, पण कारण चांगलं आहे.

आधी रांगेतलं. मी ओरडले नाही, रडले नाही आणि भाषण तर मुळीच केलं नाही. केया आणि मी ताटं घेऊन उभ्या होतो. मागच्या बाई म्हणाल्या, “मायलेकींचं काम किती खरं वाटत होतं! ही खरंच तुमची कोण?” मी म्हटलं, “ही केया. माझ्या मुलाची बायको होती. आता त्यांचा घटस्फोट झालाय.” बाई म्हणाल्या, “अगंबाई!” मी म्हटलं, “हो ना. वांग्याची भाजी वाढू का?” त्यांनी वाढून घेतली. एवढंच. मी इतकी वर्षं ज्याला भीत होते ते एका पळीभर भाजीत आटोपलं.

विमानतळावर केयानेच सोडलं. गाडीत म्हणाली, “आता तुम्हाला काय म्हणू? आई की काकू?” मी म्हटलं, तोंडात येईल ते म्हण. ती विचार करून म्हणाली, “आईच येतं.” मग मी तिला विचारलं, पुरणपोळी येते का तुला? “नो आयडिया,” म्हणाली. नाताळात माझ्याकडे शिकायला येणार आहे. तेव्हा माझी ती दुपार अगदीच खोटी राहणार नाही.

नाटकाचा व्हिडिओ तिनेच देवांगला पाठवला. त्याचा फोन आला. “आई, यू टोल्ड पीपल?”

“सांगितलं.”

“सगळ्यांसमोर?”

“वांग्याच्या भाजीपाशी.”

मग म्हणाला, “शुक्रवारी येतो.”

इकडच्या लोकांना मी त्याआधीच सांगून टाकलं. आश्लेषाला फोन करून म्हटलं, माझा मुलगा घटस्फोटित आहे, आता मी ‘संसार टिकवताना’वर बोललेली चालेल का ते ठरव. ती म्हणाली, “काकू, आता तर याच. मागच्या वेळी सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, पण प्रश्न एकानेही विचारला नाही.” काही जणी मात्र भेटल्या की उगाच मान वेळावतात. वेळावू देत.

देवांग शुक्रवारी आला. दारातच बूट काढायला लागला. मी म्हटलं, राहू दे. आत येऊन सोफ्यावर टेकला, चहा अर्धा प्यायला आणि तिथेच झोपला. बूट पायात, तोंड उघडं, बनियनवजा टीशर्टला भोक. घोरतो अगदी राजेशसारखा. संध्याकाळी फराळाला दहा-बारा जण यायचे होते. राजेश म्हणाले, “उठव त्याला, वर जाऊन झोपेल.” मी म्हटलं, हात लावाल तर याद राखा.

मंडळी आली. जरीच्या साड्या, अत्तरं, मिठाईची खोकी. दारातूनच त्यांना सोफा दिसला. सगळे थबकले आणि माझ्याकडे बघायला लागले. मी चकल्यांचं ताट पुढे केलं.

“या, बसा ना. फक्त जरा हळू बोला. मुलगा झोपलाय.”

रत्नाताई